धाकटीची गाणी

ड्रायक्लीनिंगच्या दुकानात वाफेच्या इस्त्रीवर काम करणाऱ्या त्या बाईला सगळे करवत म्हणत. आवाजामुळे. वरच्या पट्टीत गेली की लाकडात दात रुतावेत तसा तिचा आवाज लागायचा, आणि बोलतानाही फारसा फरक नसे. गाणी ती स्वतः लिहायची, चाली स्वतः बांधायची आणि शनिवारी एका कॅफेच्या वरच्या खोलीत गिटार घेऊन गायची. समोर वीसेक माणसं असत. त्यातली निम्मी कॉफीसाठी आलेली.

तिची धाकटी बहीणही गाणी लिहून गायची. फरक एवढाच, की धाकटीची गाणी लोकांच्या तोंडी होती. दुकानातल्या रेडिओवर ती लागली की करवत वाफ जोरात सोडायची, म्हणजे ऐकू येऊ नये. एके काळी दोघी जोडीनं गायच्या. मग एका मोठ्या कार्यक्रमाचं बोलावणं आलं, ते एकट्या धाकटीला. ती गेली आणि घरात कुणाला बोललीही नाही. करवतला कळलं ते भिंतीवरच्या पोस्टरवरून. तेव्हापासून दोघींमधून विस्तव जात नव्हता.

चाळिशी ओलांडल्यावर करवतनं ठरवलं, धाकटीच्याच गाण्यांचा अल्बम काढायचा.

"तिच्या गाण्यांवरची साखर खरवडून दाखवते," ती आईला म्हणाली. "खाली काय उरतं ते बघू दे लोकांना."

"तुझी स्वतःची संपली का?" आईनं विचारलं.

"माझी कोण ऐकतंय?"

"मग तिची तरी तुझ्या तोंडून कोण ऐकेल?"

आईचं बोलणं असंच, दगड मारल्यासारखं. पोरींनी ते तिच्याकडूनच उचललं होतं.

परवानगी मागणं भाग होतं, म्हणून करवतनं दोन ओळींचा निरोप पाठवला. उत्तर लगेच आलं. 'गा. झेपतंय का बघ.' तिच्या अंगाचा तिळपापड झाला.

एका वखारीमागच्या खोलीत रेकॉर्डिंग सुरू झालं. भिंतींना जुन्या गाद्या ठोकलेल्या, लाकडाचा भुसा दाराखालून आत येणारा. साथीला फक्त गिटार. धाकटी जे शब्द हसत सोडून द्यायची, ते करवत दाताखाली धरून चावायची. रेकॉर्डिंग करणारा माणूस भिडस्त होता, पण तोही एकदा म्हणाला, "ताई, ऐकणाऱ्याला वाटतं तुम्ही त्याच्यावरच चिडलाय."

"वाटू दे."

मग एक जुनं गाणं आलं. धाकटी ते नाचऱ्या चालीवर म्हणायची आणि लोक टाळ्यांचा ठेका धरायचे.

घरात एकच बिजागरी कुरकुरते,
तिला तेल घालू नका,
तेवढंच कळतं कुणी आलं ते.

करवतनं चाल संथ केली आणि दुसऱ्या ओळीवर तिचे हात थांबले. शंभरदा ऐकलेलं गाणं. टाळ्यांच्या गलक्यात तिला कधी कळलं नव्हतं, की ही बिजागरी दाराची नाही.

"परत घ्यायचं का?" रेकॉर्डिंगवाल्यानं विचारलं.

"घ्या," ती म्हणाली, आणि दातओठ खात शेवटपर्यंत गायली.

अल्बम निघाला आणि करायला गेली एक, झालं भलतंच. साखर खरवडल्यावर खाली गाणी उरली, आणि ती चांगली होती. लोक लिहू लागले, की धाकटी इतकं खोल लिहिते हे आम्हाला ठाऊकच नव्हतं. बिजागरीचं गाणं तर जिथे तिथे वाजू लागलं. करवतचंही कौतुक झालं, पण सूनबाईंनी सासूबाईंचं लोणचं छान वाढलं म्हणावं, तेवढंच.

एका दुपारी धाकटी दुकानात येऊन उभी राहिली. काउंटरवर दुसऱ्याच्या कोटांचा ढीग होता.

"ते एक गाणं काढून टाक," ती म्हणाली.

"का?"

"मी नाचऱ्या चालीत म्हटलं की लोक गप्प बसायला सांगतात. तुझ्यासारखं म्हण म्हणतात."

"झेपत नाही का?"

धाकटीचा चेहरा पडला. "ते तुझ्याबद्दल आहे, कळलं ना तुला?"

"कळलं."

"तुझ्याबद्दल आहे. तुझ्यासाठी नाही."

करवतनं इस्त्री उचलली आणि कोटाच्या बाहीवर दाबली. वाफेपलीकडे दार आपटल्याचा आवाज आला.

धाकटीनं पुढे ते गाणं म्हणणं सोडलं. करवतला हा विजय वाटला, पण तो कडूच निघाला. शनिवारच्या खोलीत आता उभं राहायला जागा नसे आणि सगळ्यांना बिजागरीच हवी असे. तिनं स्वतःचं गाणं सुरू केलं की लोक फोन काढत. नवीन लिहायला बसावं तर चाल सुचायची ती धाकटीच्याच वळणाची. कितीतरी कागद तिनं फाडले.

वर्षअखेरीला धाकटीनं आईकरवी विचारलं. तिला आता थोरलीच्या गाण्यांचा अल्बम करायचा होता. परवानगी हवी होती.

"नाही म्हणून सांग," करवत म्हणाली.

"अगं, डोकं ठिकाणावर आहे का? तिनं म्हटलं तर घराघरात जातील."

"म्हणूनच. ती माझी गाणी गोड करून टाकेल."

आईनं धाकटीला फोन लावला आणि फक्त "नाही म्हणते" एवढंच सांगून ठेवून दिला.

करवतची गाणी करवतकडेच राहिली. शनिवारी ती अजून गाते. बिजागरी आधी म्हणून टाकते, मग अर्धी खोली उठून जाते, आणि उरलेल्यांसमोर ती आपली स्वतःची गाणी सुरू करते.