बनाबाईचा कडता

वरवट बकालच्या शाळेत शिकून गेलेल्यांपैकी निम्म्यांना आता पाढे आठवत नसतील, पण बनाबाईची खिचडी कुणी विसरलेलं नाही. पोषण आहाराचा तांदूळ सगळीकडे सारखाच, डाळही सारखीच. पण बनाबाई घरून लसूण-मिरचीचा ठेचा पदराआड आणायची आणि फोडणीत सोडायची. त्या वासाने चौथीच्या वर्गाचं गणिताकडचं लक्ष उडायचं, अशी तक्रार गुरुजींनी एकदा केली होती. तक्रार करून झाल्यावर त्यांनीही ताटली पुढे केली. "पोट तं काहीनंही भरते, जीभ भरली पाह्यजे ना लेकराची," हे बनाबाईचं तत्त्वज्ञान, आणि ते खोडून काढणारा माणूस गावात नव्हता.

संग्रामपूरला मात्र होता. तो म्हणजे तिची विहीण, चांगुणाबाई.

बनाबाईचा मुलगा प्रसेनजित पुण्याला शिकवणी वर्गात शिकवतो. सून मयुरी तिथेच एका कंपनीत आहे. लग्न विहारात झालं, साधं आणि देखणं. देणंघेणं नाही, रुसवेफुगवे नाहीत. "आमी मानपान मानत नाई," असं बनाबाई चारचौघींत अभिमानाने सांगायची. पण मुलाच्या आईचा मान असा एका दिवसात जात नाही, तो नाकाच्या शेंड्यावर जागा धरून बसतो. ही विहीण घरी आली की बनाबाई भरली वांगी करायची, भजी तळायची, आणि चांगुणाबाई हात जोडून म्हणायची, "नोको इहीणबाई, मी जेवून आली." दर वेळी जेवूनच आलेली! कधी फार आग्रह झाला तर पोळीचा तुकडा पाण्याबरोबर गिळायची. जिच्या हातचं खायला सारं गाव जीव टाकतं, तिच्या ताटाला घरची विहीण हात लावत नाही, हा काटा बनाबाईच्या मनात रुतला तो रुतलाच. "लेक नोकरीले हाये म्हणून घमेंड असन," असं ती नवऱ्याला, भाऊरावांना, रोज ऐकवायची. भाऊराव पान लावत बसायचे. बायकांच्या मामल्यात बोलू नये, एवढं शहाणपण त्यांना लग्नानंतर लवकरच आलं होतं.

पुढे बनाबाईच्या गुडघ्यांनी दगा दिला. वजन वर्षावर्षाने चढत गेलं होतं, शुगर मागोमाग आली. झोपेत श्वास अडकून ती दचकून उठायची आणि उरलेली रात्र भिंतीला टेकून बसायची. शाळेच्या चुलीपुढे उभं राहणं होईना, म्हणून तिच्या जागी तात्पुरती दुसरी बाई आली. घरासमोरून शाळेत जाणारी पोरं विचारायची, "आजी, तू कवा येतं व? ते खिचडी फिक्की लागते." बनाबाई हसून "येतो न बाप्पा" म्हणायची आणि आत जाऊन डोळे पुसायची. परत त्या चुलीपुढे उभं राहायचं, एवढंच तिला आयुष्याकडून हवं होतं. दुसरं काही नाही.

जळगाव जामोदच्या डॉक्टरीणबाईंनी तिला तपासलं आणि स्पष्ट सांगितलं, की वजन उतरल्याशिवाय गुडघे, शुगर, झोप यातलं काही सुधारणार नाही. आठवड्यातून एकदा पोटावर टोचायचं नवं इंजेक्शन निघालं होतं. भूक आवरतं, वजन उतरतं, शुगरही ताब्यात राहते. किंमत ऐकून भाऊरावांच्या तोंडातलं पान तसंच राहिलं. तेव्हा मयुरी फोनवर म्हणाली, "आई, तुमचं नाव माझ्या कंपनीच्या विम्यात आहे. रोजच्या औषधांचा खर्चही त्यात बसतो. मी बघते."

विमा कंपनीने पहिल्याच झटक्यात नाही म्हटलं. वजन उतरवायची औषधं ही हौसेची बाब, ती विम्यात बसत नाहीत, असं उत्तर आलं. बनाबाई भडकली. "हौस? म्या काय या वयात शिनिमात नाचाले चालली काय?" पण मयुरी हार मानणारी नव्हती. तिने डॉक्टरीणबाईंकडून लिहून घेतलं, की हा देखणेपणाचा मामला नाही, शुगर आणि अडकणारा श्वास यांचा इलाज आहे. पुन्हा अर्ज केला, पुन्हा नकार आला, पुन्हा भांडली. शेवटी कंपनी वाकली, पण अट घालून. तीन महिन्यांत शंभरात पाच भाग वजन उतरलेलं दिसलं तरच पुढचा खर्च मिळेल, नाहीतर बंद.

झालं, आधीचं वजन लिहायची वेळ आली आणि दवाखान्यातला काटा नेमका दुरुस्तीला गेलेला. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "गावात चांगल्या काट्यावर करून चिठ्ठी आणा." गावात चांगला काटा एकच, कचरूभाऊच्या आडतीवरचा, ज्यावर तुरीची आणि सोयाबीनची पोती चढतात. बनाबाई लाजत लाजत पोत्यांच्या रांगेत उभी राहिली. "नीट पाह्य बे कचरू, माणूस तोलून राह्यला," भाऊराव म्हणाले. कचरूभाऊने आकडा पाहिला, कानावरचं पेन काढलं, चिठ्ठी फाडून दिली. इंजेक्शन सुरू झालं.

आणि त्याने काम केलं! पहिले काही दिवस मळमळलं, मग भूक अशी पळाली की बनाबाईलाच नवल वाटलं. अर्ध्या भाकरीत पोट भरू लागलं. रात्री ती सकाळपर्यंत झोपू लागली. भाऊराव म्हणाले, "तुहं घोरनं बंद झालं तं मलेच झोप येत नाई आता." लुगडं सैल झालं, तशा शेजारच्या बायका हळूहळू चौकशीला यायला लागल्या. आपल्याकडे माणूस जाड झालं की सुखी, वाळलं की नक्की मोठा आजार. एकीने तर भाऊरावांना बाजूला घेऊन विचारलं, "अकोल्याले दाखोलं का?" बनाबाईला गंमत वाटायची. ती अंगणात मुद्दाम दोन फेऱ्या जास्त मारून दाखवायची आणि रोज कुणाकुणाचे आभार मानायची: सुनेचे, डॉक्टरीणबाईंचे, ज्याने हे औषध शोधलं त्या अनोळखी माणसाचे. विहीण त्या यादीत नव्हती.

तीन महिने भरले. दवाखान्यातला काटा दुरुस्त होऊन आला होता. बनाबाई त्यावर उभी राहिली तेव्हा डॉक्टरीणबाईंचा चेहरा पडला. वजन उतरलं होतं, पण चिठ्ठीतल्या आकड्याशी ताडून पाहता जेमतेम दोन-तीन किलो. तेवढ्याने अट पुरी होत नव्हती. चार दिवसांत विमा कंपनीचा निरोप आला, की पुढचा खर्च मिळणार नाही.

बनाबाई त्या दिवशी खुर्चीतून उठली नाही. उपाय लागू पडत होता हे तिच्या अंगाला कळत होतं, आणि कागद म्हणत होता की नाही. आता गुडघे पुन्हा पहिल्यासारखे होणार, शाळा सुटली ती सुटलीच, या विचाराने ती लेकरासारखी रडली.

दुसऱ्या दिवशी निरोप कळून चांगुणाबाई आली. बनाबाईने दुःखातही भज्यांचा घाणा काढला, सवयच ती. चांगुणाबाईने बशी हळूच बाजूला सारली. "मले पानीच द्या, इहीणबाई." बनाबाईच्या तळपायाची आग मस्तकाला गेली. पण चांगुणाबाईचं लक्ष तिच्या रागाकडे नव्हतंच. ती बनाबाईच्या ढगळ झालेल्या पोलक्याकडे पाहत होती.

"एवढं आंग उतरलं आन् वजन उतरलं नाई? पयलं वजन कुठं केलं होतं?"

"कचरूच्या काट्यावर."

चांगुणाबाई ताडकन उठली. स्वतः शेती करणारी बाई, दरसाल पोती घेऊन आडतीवर उभी राहणारी. "अव माय! कचरूच्या? मंग त्यानं कडता कापला असन न!"

बनाबाईने कपाळावर हात मारला. आडतीवर धान्य तोललं की पोत्याचं वजन, ओल, कचरा असं धरून आडत्या वजनातून काही किलो परस्पर वजा करतो, त्याला कडता म्हणतात. शेतकरी त्यावरून जन्मभर भांडतो आणि जन्मभर सोसतो. सारं गाव हे जाणतं, पण बाईमाणसालाही कडता लागेल हे कुणाच्या ध्यानात यावं?

दोघी विहिणी तरातरा आडतीवर गेल्या. कचरूभाऊ आधी "नाई व, असं कसं" म्हणाला, मग डोकं खाजवू लागला, मग त्याने कान धरले. "लुगडं, पाटल्या, चपला, सारं आंगावर होतं, मामी. आन् बाईमाणसाचं वजन जास्त लेहाव तं बरं दिसत नाई. चार किलो कडता धरला. म्या तं मान ठेवला तुमचा."

"तुह्या मानानं माहं इंजेक्शन बंद पडलं न बे!" बनाबाई ओरडली, आणि ओरडता ओरडता तिला हसू फुटलं.

कचरूभाऊ भला माणूस. दुसऱ्या दिवशी दुकान बंद ठेवून दोघींबरोबर एसटीने जळगाव जामोदला आला. डॉक्टरीणबाई खुर्चीत मागे टेकून पोटभर हसल्या, मग कागद दुरुस्त करायला बसल्या. मयुरीने विमा कंपनीच्या साहेबाला व्हिडिओ फोनवर जोडून दिलं. त्याने विचारलं, वजन कमी लिहिलं होतं याला पुरावा काय? कचरूभाऊ पडद्याकडे वाकून म्हणाला, "सायेब, मी आडत्या मानूस. मी कडता कापतो हे आजवर म्या कोन्या कास्तकारापुढं कबूल केलं नाई. आज सही करून लेहून देऊन राह्यलो. याच्याहून मोठा पुरावा कोन्ता पाह्यजे?" साहेब म्हणाला, पाठवा लिहून.

मंजुरी पुढे आठवड्याभरात आली. पण बनाबाईच्या मनावर कोरलं गेलं ते त्याच दवाखान्यात, फोन ठेवल्यानंतर घडलं. चांगुणाबाई उठताना उजव्या कुशीला हात दाबून वाकली. डॉक्टरीणबाईंनी तिला झोपवून तपासलं. पित्ताशयात खडे होते, आणि हे चांगुणाबाईला आधीपासून ठाऊक होतं.

"मग ऑपरेशन का केलं नाही? लेकीच्या विम्यात नाव असेल ना तुमचं?"

चांगुणाबाईने डोळ्यांनी नको नको म्हणून खुणावलं. डॉक्टरीणबाईंना ते उमजलं नाही. "अच्छा, त्या विम्यातही एकाच बाजूचे आईवडील घालता येतात का? एकतर माहेरचे, नाहीतर सासरचे?"

बनाबाई विहिणीकडे पाहतच राहिली. "मयुरीनं तुमचं नाव नाई टाकलं?"

"तिनं मलेच इचारलं होतं." चांगुणाबाईचा आवाज अपराध्यासारखा झाला. "म्या म्हनलं, तुह्या सासूचं टाक. तुमचे गुडघे दिसत होते न मले, इहीणबाई. शाळेतले लेकरं वाट पाहून राह्यले. माह्या खड्यांचं काय, तेल-तिखट खाल्लं नाई तं चूप बसतात. सरकारी दवाखान्यात होते म्हनते, पन मले भेव लागते. पाहू थंडीत."

तेल-तिखट खाल्लं नाही तर! भरली वांगी, भजी, लसणाची फोडणी, सगळी नाकारलेली ताटं बनाबाईच्या डोळ्यांपुढून गेली. जिला आपण घमेंडखोर म्हणत होतो, ती आपल्या घरी उपाशी बसून आपल्याला बरं करत होती. परतीच्या एसटीतून संग्रामपूरला चांगुणाबाई उतरू लागली तेव्हा बनाबाईने तिचा हात धरला आणि बराच वेळ सोडला नाही. कंडक्टर घंटीवर हात ठेवून थांबला होता.

सुट्टीनंतर शाळा पुन्हा सुरू झाली तेव्हा बनाबाई चुलीपुढे उभी होती. यंदा तेच औषध आपल्याकडे बनू लागलं आणि किंमत बरीच खाली आली. आता आपलं आपल्याला जमेल, असं भाऊरावांनी पान न लावता, नीट विचार करून सांगितलं. विम्याचं नूतनीकरण आलं तसा बनाबाईने सुनेला फोन लावला.

"माहं नाव काढ आन् तुह्या मायचं टाक."

"आई, पण तुमचं इंजेक्शन?"

"ते आमी घेतो. तुह्या मायनं मले पायावर उभं केलं, आता मले तिच्यापर्यंत चालू दे." पलीकडे मयुरीला रडू फुटलं. बनाबाईने तिला रडू दिलं, आपणही रडून घेतलं.

चांगुणाबाईचं ऑपरेशन अकोल्याला नीट पार पडलं. ती घरी आली त्या आठवड्यात बनाबाई संग्रामपूरच्या स्टँडवर उतरली आणि रिक्षावाल्यांना हात हलवून नको म्हणत विहिणीच्या घरापर्यंत पायी गेली. हातात डबा होता. मुगाची मऊ खिचडी, तेल नाही, मिरची नाही, लसणाची पाकळीसुद्धा नाही. अशी फिकी खिचडी जन्मात पहिल्यांदा केली होती, आणि करताना तीनदा हात मिरचीकडे गेला होता.

तिने जमिनीवर मांडी घातली, ताट वाढलं आणि श्वास रोखून बसली. चांगुणाबाईने एक घास घेतला. मग दुसरा. मान खाली घालून तिने सगळं ताट संपवलं, आणि रिकामं ताट विहिणीपुढे सरकवलं.

"आनखी वाढा, इहीणबाई."