चादरीखालचे फ्रिज

आमच्या गुढियारीच्या पाऱ्यात, म्हणजे मोहल्ल्यात, रेशन कार्डाचा सर्व्हे यायचा असला की लोक आपापलं सुख माह्या घरी आणून ठेवतात. मी रेल्वेची पेन्शनवाली, गरिबांच्या यादीत माझं नाव कधी नव्हतंच, मग माझं काय जाणार? त्या दिवशीही सकाळपासून फ्रिज, कूलर, टीव्ही येत राहिले. वरून चादरी टाकल्या. दुपारी बैठकीत पाहिलं तर जशा मयतीला आलेल्या बाया, पदर घेऊन उभ्या, बोलत काही नाहीत. एकीतून पाणी ठिबकून राहिलं होतं.

बाहेर निघाली तर पारा ओळखू येईना. ज्या घरात पाहावं तिथं भिंतीवर सामानाएवढे चौकोनी डाग. एका सकाळीत सगळे पुन्हा गरीब झालेले. माझी नात तेलीबांध्याला ऑफिसात जाते, मोबाइलवर वाचून सांगते, "आजी, दुनिया में गरीबी कम हो रही है." खोटं नाही ते. माह्या लहानपणी पाऱ्यात अर्धे लोक अनवाणी होते, आता चादरी पुरल्या नाहीत.

फक्त कोपऱ्यावरच्या म्हातारीनं काही आणलं नव्हतं. मालधक्क्यावर सांडलेले दाणे झाडून आणते ती. कार्डाचा तांदूळ आहे म्हणून चूल पेटते. ती आली, चादरींकडे पाहत राहिली.

"बाई, यातला एक मले दे न. आजच्यापुरता."

"काहून वो? लोक लपवून राहिले न तू मांगून राहिली?"

"माह्या दारी आजवर कोणी साहेब आला नाही. पाहुणा आला तं काय उघड्या भिंती दाखवू?"

मले हसू आलं. तिची तर वीजही कापलेली. फ्रिजची पिन जमिनीवर लोळताना साहेबाले दिसणारच, मग काय बिघडणार, असं वाटलं मले. सगळ्यात लहान फ्रिज दोघींनी घासत नेला. तिनं वर धुतलेला रुमाल टाकला.

सर्व्हेचा साहेब तिच्या उंबरठ्यावरूनच फोटो काढून गेला. चहाही घेतला नाही.

यादी लागली, पाऱ्यातली सगळी नावं राहिली, तिचं गेलं. मी तिले घेऊन ऑफिसात गेली. फ्रिज मीच दिला होता, तिचा नव्हे, हे तिथल्या बाबूले तीनदा सांगितलं. त्यानं स्क्रीन आमच्याकडे फिरवली. फोटोत फ्रिजजवळ उभी होती ती, पदर सारखा केलेला, हसून राहिली होती. असं हसताना मी तिले कधी पाहिलं नव्हतं. ती लई वेळ पाहत राहिली.

"चांगलं दिसते न घर," म्हणाली.

फ्रिज ज्याचा त्याच्याकडे गेला. तिच्या मातीच्या जमिनीत त्याच्या चार पायांचे खळगे राहिले. ती सारवते, पण तेवढा चौकोन सोडून. मी तांदूळ नेऊन देते, तं ती डबा त्याच चौकोनात ठेवते, अन् वरून रुमाल टाकते.