सहा पाय, दोन मिशा

पांढऱ्या कागदावर किडा ठेवून मी मोबाइलच्या कॅमेऱ्यातून त्याचे पाय मोजले. सहा होते. डोक्यावर दोन मिशाही होत्या. मोठ्या गोचिडीला आठ पाय असतात, मिशा नसतात. हा ढेकूण होता, आईच्या पलंगाच्या फटीतला.

आईच्या अंगावर चट्टे उठले म्हणून आज दुपारीच मी आमच्या शेरू कुत्र्याला हिंगणीला, मामांच्या शेतावर सोडून आलो. गोचिडी त्याच्याच, असं मी ठरवलं होतं.

"मी म्हनलं होतं ना बाबू, त्याच्या अंगावर काईच नाई," आई म्हणाली. "पण तू काऊन ऐकशीन? तू तं शिकलेला."

थकलोय. किडा दिसला की तुम्ही आधी पाय मोजता का?

दुसऱ्या दिवशीची भर: सकाळी हिंगणीला गेलो. शेरू रात्रीच दोर तोडून निघून गेला होता. अजून घरी आलेला नाही.