कोशातली मोकळी जागा

कोशवाल्या काकू फोनवर माणसाला ताटकळत ठेवायच्या. "थांब गं, चष्मा लावते," म्हणायच्या आणि मग बराच वेळ नुसता पानं उलटल्याचा आवाज. इथे इंग्लंडात, कॉव्हेंट्रीत मराठी घरात बाळ झालं की आजी-आजोबांच्या पाठोपाठ काकूंना फोन जाई: नाव ठरलंय, अर्थ बरोबर आहे ना, तेवढं बघा.

रिवान, तुला त्या आठवणार नाहीत. त्यांनी शाळेच्या किचनमध्ये वर्षानुवर्षं जेवण वाढलं. शिक्षण सातवीपर्यंत. सासरे मास्तर होते. त्यांनी दिलेले संस्कृत-मराठी कोशाचे दोन जाड खंड काकू विमानात मांडीवर घेऊन आल्या होत्या. शब्द मिळाला तर पानाच्या आकड्यासकट सांगायच्या. नाहीतर म्हणायच्या, "मला सापडलं नाही. म्हणजे नाहीच असं नव्हे हं. मला सापडलं नाही." एकदा एक डॉक्टर वैतागले, "काकू, अंदाजाने सांगा की काहीतरी!"

"अंदाजाने औषध देता का हो तुम्ही?" काकूंनी विचारलं.

मी टापटिपीची बाई. इथल्या मराठी मंडळाने बाळांच्या नावांची पुस्तिका काढायची ठरवली तेव्हा टायपिंग मी घेतलं आणि तपासणी काकूंनी. यादी परत आली तेव्हा सात नावांपुढे अर्थाची जागा मोकळी होती. माझ्या सरळ रकान्यांतली ती सात भोकं मला बघवेनात. काकूंना न विचारता मी ती भरली. 'रिवान'पुढे लिहिलं: 'नदीसारखा, वाहत राहणारा, संस्कृत.' इंग्रजी शाळेत शिकलेल्या मला 'रिव्हर' आठवली होती. आधार म्हणाल तर एवढाच.

मग तू झालास. तुझ्या आईने पुस्तिका चाळली आणि हरखून म्हणाली, "आई, हे बघा ना! वाहत राहणारा! सो लव्हली! हेच ठेवू या." मी गप्प बसले. बारशाला आत्याने तुझ्या कानात नाव सांगितलं, तिच्या पाठीवर धपाटे पडले आणि बाबाने तो अर्थ सगळ्यांना वाचून दाखवला. काकू माझ्या शेजारीच होत्या.

"अगं वसुधा, कुठे मिळाला गं अर्थ?"

"एका पुस्तकात, काकू."

"बघ, माझाच कोश अपुरा! आण हं ते पुस्तक. उतरवून घेते."

त्यांना शंकासुद्धा आली नाही. तुम्ही ऑकलंडला गेलात, तरी दर गणपतीला, दर हळदीकुंकवाला त्या विचारायच्या, "मिळालं का गं पुस्तक?" मी म्हणायचे, शोधतेय. पुढे पुढे मी हॉलमध्ये त्यांच्यापासून लांबची खुर्ची धरू लागले. गेल्या हिवाळ्यात काकू गेल्या.

परवा तू फोनवर म्हणालास, "आजी, स्कूलमध्ये नेमचा मीनिंग लिहायचा आहे. मी इंटरनेटवर चेक केला, फाइव्ह साइट्सवर सेम आहे." मी पाचही पाहिल्या. शब्द न् शब्द माझा, स्वल्पविरामसुद्धा माझा. मंडळाने पुस्तिका वेबसाइटवर टाकली होती; तिथून सगळ्यांनी उचललं. तुझे पाच साक्षीदार म्हणजे एकटी मीच, बाळा.

तुझ्या आईला मी काल सांगितलं.  ती म्हणाली, "आई, तेव्हाच सांगायचं ना." तू तुझ्या कागदावर खरं ते लिही: हा अर्थ माझ्या आजीने रचला.

आज सकाळी काकूंच्या मुलीकडे जाऊन आले. तिने कोश समोर ठेवला. 'रि'च्या पानावर, छापील शब्दांच्या कडेला, काकूंच्या अक्षरात पेन्सिलीने लिहिलं होतं: 'रिवान'. पुढे दोन ओळी मावतील एवढी जागा सोडलेली. माझ्या पुस्तकासाठी.

"काही लिहायचंय का, मावशी?" मुलीने पेन्सिल पुढे केली.

"मला सापडलं नाही," मी म्हणाले आणि कोश मिटला.