गोरी बाई सुधारली

गेल्या महिन्यात जवळा बाजारचा एक गाडीवान हिंगोलीत आमच्या शाळेच्या दाराशी येऊन म्हणाला, "मास्तर, तुमची आत्या गेली." मी विचारलं, "कोणती आत्या?" मला आत्या एकच, चंद्रभागा. वर्ग ऐकत होता, म्हणून तसं विचारलं. मातीला गेलो नाही. यंदाच्या दंगलींच्या धामधुमीत रस्ते बंद होते, असं लोकांना सांगतो... गाडीवान त्याच रस्त्यानं आला होता.

आत्या बालविधवा. भजनात बसून पेटी शिकली. मूकपटांचा तंबू जवळ्याला उतरला, त्यांचा पेटीवाला तापानं पडला, आणि पडद्याशेजारी वाजवायला गेलेली आत्या तंबूबरोबरच निघून गेली. वडिलांनी तिच्या नावानं आंघोळ केली.

तंबूत एका अमेरिकन नटीची चित्रं फार चालत. नाव कुणाच्या जिभेवर बसेना, म्हणून सगळे तिला गोरी बाई म्हणत. चित्रं मोठ्या शहरांत झिजून, हाताला लागतील तशी आमच्याकडं येत. आधी आलं ते तिचं नंतरचं: ओठांत सिगारेट, दुसरीचा नवरा पळवणारी. बाया पडद्याकडं बघून थुंकल्या. दोन वर्षांनी आलं ते तिच्या उमेदवारीतलं: दोन वेण्या, मेंढरं राखणारी भाबडी पोर. तिकडं लोकांना भाबडेपणाचा कंटाळा आला, तेव्हा कंपनीनं तिला वाईट बाई करून टाकलं होतं. आमच्याकडं सगळंच उलटं. लोक म्हणाले, गोरी बाई सुधारली. एका म्हातारीनं पडद्याला हळदकुंकू वाहिलं आणि परतताना पेटीजवळून पदर आवरून गेली.

मी तेव्हा नुकता मास्तर झालो होतो, खेळाला चोरून गेलो होतो. आत्यानं ओळखलं. भात्यावरचा हात थांबवून म्हणाली, "तिची चित्रं उलटी आली म्हनून ती सुधारली. माझी कोन उलटी लावंल रे, लेकरा?" मी मान खाली घालून बाहेर पडलो.

पुढं बोलपट आले, तंबू मोडला, ती जवळ्यात एकटी राहिली. थकले आता, तुझ्याकडं येऊ का, असा तिचा निरोप दोनदा आला. वडील नव्हते, नाही म्हणणारं घरात कुणी उरलं नव्हतं. पण बहिणीचं लग्न जमायचं होतं. मी उत्तर दिलं नाही. तिसऱ्यांदा तिनं विचारलं नाही. मी भेकड होतो, दुसरं काही नाही.

गाडीवानानं परवा तिची पेटी आणून दिली. भाता उंदरांनी कुरतडलाय. बैठकीत, दारासमोरच ठेवलीय. येणारा-जाणारा विचारतो, कुणाची? आत्याची, म्हणतो. कोणती आत्या, असं अजून एकानंही विचारलेलं नाही.