कोंडवाड्यातलं ऑफिस

मी ग्रामपंचायतीत क्लार्क होतो. मोकाट गुरं कोंडवाड्यात घालणं हे माझ्याकडचं जादा काम. नियम सोपा होता. जनावर आपल्या गावचं असेल तर मालकाला हाक मारायची, पऱ्याच्या पाण्यापलीकडच्या गावचं असेल तर आत घालायचं. पलीकडच्या एका काकींची म्हैस आठवड्यातून दोनदा तरी आत असायची. काकी फाटकाशी उभ्या राहून विचारायच्या, "कधी सोडणार?" मी सांगायचो, "साहेब रत्नागिरीहून आले की."

मग दोन्ही ग्रामपंचायती मिळून एक नगरपंचायत झाली. पऱ्या होता तिथंच राहिला, पण पलीकडचं गाव वेगळं उरलं नाही. कुठलं जनावर परकं हे ठरेना, त्यामुळे कोंडवाडा रिकामा पडला. नवीन ऑफिस पऱ्यापलीकडं, त्यांच्या बाजूला थाटलं आणि तिथं आम्हा जुन्या लोकांना जागा नव्हती. नगरपंचायतीच्या नोकरीत समावेशनाचा आदेश येईपर्यंत माझी बसायची सोय कोंडवाड्यात केली. चुना मारला, पंखा लावला, लोखंडी फाटक तसंच ठेवलं. शेण कोणी काढायचं ते सोय केल्याच्या पत्रात नव्हतं, म्हणून मीच काढलं.

त्याला दोन वर्षं झाली. परवा काकी म्हैस घेऊन चालल्या होत्या. म्हैस सवयीनं फाटकाशी थांबली. टेबलामागं बसलेल्या मला काकींनी नीट बघून घेतलं आणि विचारलं, "तुला कधी सोडणार?"

"साहेब रत्नागिरीहून आले की," मी म्हटलं.