बिब्ब्याचा मासा

परवा टाचेत काटा मोडला म्हणून बिब्बा तापवला आणि त्या वासासरशी लढाईच्या काळातली खालापूरकडची लष्करी छावणी आठवली. आम्ही परीट, तिथल्या शिपायांचे कपडे नदीवर धुवायचो. अदलाबदल नको म्हणून मी प्रत्येकाच्या कॉलरला आतून बिब्ब्याने वेगळी खूण करायची, कुणाला त्रिशूळ, कुणाला मासा. एका सकाळी छावणीत खूप वेळ गोळ्या वाजल्या. तिथल्या आचाऱ्याने हळूच सांगितलं, "येक शिपाय बिथरला, आपल्याच मानसांवर गोळ्या झाडल्या." पेपरात मात्र एक ओळही आली नाही. छावणीच्या हवालदाराने दम भरला, "नेमबाजीचा सराव होता. बाहेर बोललात तर तुरुंगात जाल." त्या आठवड्यापासून माशाच्या खुणेचे कपडे धुवायला येईनात. मी न राहवून हवालदाराला विचारलं, तर म्हणाला, "बदली झाली." महिन्याभराने नव्या शिपायांचे कपडे आले. एक सदरा उलटा केला, तर कॉलरला माझाच मासा आणि छातीवर ताजं ठिगळ! मी घरी आमच्या मालकांना म्हटलं, "मानूस बदलून गेला, मंग सदरा हितं कसा ऱ्हायला?" "गप ऱ्हा गं, ती खून घासून काढ," ते म्हणाले. बिब्बा घासून निघत नाही, हे त्यांनाही ठाऊक होतं. परवा हे ऐकून नातीने विचारलं, "आजी, त्या माशाचं नाव काय होतं?" इतकी चौकस मी, पण तेवढंच विचारायचं राहिलं.